वाहन, विद्युत्‌घट आणि करारनामा

हैदराबादच्या काचिगुडा स्थानकातून बाहेर पडून उत्तरेकडे चालू लागले की थोड्याच अंतरावर जी वस्ती लागते ती बरकतपुरा होय. पश्चिमेस नारायणगुडा, पूर्वेस नल्लाकुंटा आणि त्यापलीकडे उस्मानिया विद्यापीठाचा विस्तीर्ण परिसर, अशा या मोक्याच्या जागी व तिच्या आसपास, मनमाडहून औरंगाबाद, जालना, परभणी, नांदेड असा सगळा निजामी मराठवाडा ओलांडून येणाऱ्या मीटरगेज गाडीतून उतरलेली मराठी कुटुंबे, त्यांत वकील, शिक्षक, रेल्वेचे कारकून आणि सरकारी दप्तरांतील अहलकार अशी सर्व प्रकारची माणसे आली, कित्येक पिढ्या नांदत आली आहेत. या परिसराचा इतिहास लिहू म्हणणारा मनुष्य साधारणतः देवड्यांकडे, बागांकडे किंवा केशवराव कोरटकरांच्या स्मरणार्थ नारायणगुड्यात उभ्या राहिलेल्या शाळेकडे वळतो, आणि ते योग्यही आहे. परंतु माझे लक्ष मात्र बरकतपुऱ्यातील दोन अत्यंत रुक्ष वास्तूंकडे जाते. एक म्हणजे राज्य परिवहनाचे बस-आगार, आणि दुसरी म्हणजे भविष्य निर्वाह निधीची कचेरी. पहिलीत वाहने रात्री मुक्कामाला येतात. दुसरीत, ती वाहने ज्यांनी घडविली, चालविली, दुरुस्त केली, ती माणसे आयुष्याच्या उत्तरार्धात आपल्या जमाखर्चाची चौकशी करावयास येतात.

जपानातील आणि अमेरिकेतील मोटार-उत्पादक आता विद्युत्‌घट बनविणाऱ्यांशी करार करून, ज्यात द्रवाचा थेंबही नाही अशी ‘सॉलिड-स्टेट’ बॅटरी सिद्ध करण्याच्या उद्योगात आहेत, ही वार्ता अलीकडे वारंवार कानी येते. ती बरकतपुऱ्याच्या नाक्यावरील माणसाला दूरदेशीची वाटली तर नवल नाही. तथापि वाहन करणारा एक, वाहनाचा प्राण साठविणारा दुसरा, आणि दोघांच्या मध्ये एक करारनामा, ही त्रयी या शहराला मुळीच अपरिचित नाही. गेल्या नव्वद वर्षांत तिची बरीवाईट फळे या शहराने चाखलेली आहेत, आणि ती कोणत्या क्रमाने व कोणत्या कारणाने आली हे पाहिल्याशिवाय आजच्या वार्तेचा अर्थ लागणे कठीण आहे.

प्रारंभ रेल्वेपासून करणे प्राप्त आहे. प्रवासी डब्यांत विजेचे दिवे आले ते डब्याच्या आसाला पट्ट्याने जोडलेल्या जनित्राच्या आणि डब्याखाली पेटीत बसविलेल्या शिशाच्या विद्युत्‌घटांच्या योगाने; लंडनच्या स्टोन कंपनीने १८९४ च्या सुमारास रूढ केलेली ही योजना पुढे हिंदुस्थानातील रेल्वेंनी दीर्घकाळ पाळली. गाडी धावते तोवर जनित्र घट भरते, गाडी थांबली की घट दिवे सांभाळतो. शिशाचा हा घट १८५९ साली गास्तों प्लांते या फ्रेंच शास्त्रज्ञाने शोधला, आणि त्याचे मूळ तत्त्व आजतागायत बदललेले नाही. १९१६ साली बांधलेल्या काचिगुड्याच्या त्या घुमटांच्या स्थानकात रात्रीची गाडी उभी असे, तेव्हा डब्यातला मंद दिवा या घटाच्याच कृपेने जळत असे. पण प्रवाशांपैकी कोणी त्याचा विचार केला असेल असे वाटत नाही. विद्युत्‌घटाच्या नशिबी आरंभापासून हे असेच दुय्यमत्व आले आहे. चालतो तोवर तो कोणाला आठवत नाही, आणि बंद पडला की सर्वांना त्याचेच नाव ठाऊक होते.

निजाम सरकारने १९३० साली रेल्वे कंपनीच्या हातून काढून आपल्या ताब्यात घेतली आणि दोनच वर्षांनी, १९३२ च्या जूनमध्ये, त्याच रेल्वेच्या एका शाखेच्या रूपाने सरकारी बस-वाहतूक सुरू झाली. २७ गाड्या आणि १६६ नोकर एवढाच तो सरंजाम होता. परंतु प्रवासी वाहतूक सरकारने स्वतःच्या अंगावर घेण्याचा हिंदुस्थानातील हा पहिला प्रयोग मानला जातो, आणि त्याचा संस्थानाभिमान जुन्या हैदराबादी माणसाच्या बोलण्यात अद्याप डोकावतो. गाड्या होत्या ग्लासगोच्या अल्बियन कंपनीच्या. त्यांतील एक तांबडी गाडी मुशीराबादच्या बस-भवनात जतन करून ठेविलेली आहे. म्हणजे सांगाडा, इंजिन आणि विद्युत्‌सामग्री विलायतेहून येई. बंदोबस्त, तिकीट आणि हिशेब मात्र निजामाच्या दप्तराचा.

पुढे १९४२ साली, महायुद्धाच्या ऐन धामधुमीत, सरकारच्या औद्योगिक न्यासनिधीने आणि अल्लाउद्दीन या व्यापारी पेढीने भागीदारीत ‘ऑल्विन मेटल वर्क्स’ हा कारखाना काढला. १९२९ साली स्थापन झालेला हा न्यासनिधी म्हणजे संस्थानी अर्थनीतीचे एक बुद्धिमान अपत्य होते: सरकारने खजिन्यातून भांडवल घालावे, खाजगी माणसाने उद्यम घालावा, आणि जोखीम वाटून घ्यावी. ऑल्विनने पोलादी सामान केले, पुढे शीतकपाटे केली, घड्याळेही केली. पण शहराच्या स्मृतीत तो राहिला आहे तो बसगाड्यांच्या बांधणीसाठी. परदेशी अथवा परप्रांतीय कारखान्याची ‘चासी’ यावी आणि तिच्यावर ऑल्विनच्या कारागिरांनी पत्रा, लाकूड, बाके आणि खिडक्या चढवून गाडी पूर्ण करावी, या श्रमविभागात एक गोष्ट प्रथमपासूनच ठरून गेली: जे डोळ्यांना दिसते ते इथले, आणि ज्याने गाडी चालते ते बाहेरचे.

बसच्या आगारातील बॅटरी-खोली ही या श्रमविभागाची सर्वांत खालची पायरी. दाराशीच तेजाबाचा तिखट वास नाकाला झोंबतो. लाकडी फळ्यांवर घट ओळीने चार्जिंगला लावलेले असतात. आणि ज्याच्या सुती सदऱ्याला हमखास बारीक बारीक भोके पडलेली आहेत असा एक इसम काचेच्या नळीचा हायड्रोमीटर एकेका सेलात बुडवून आतल्या पाण्याची घनता पाहत असतो. आकडा १.२८ च्या आसपास आला तर घट भरला, १.१५ च्या खाली गेला तर ‘बसला’. पाणी ऊर्ध्वपातित पाहिजे, नळाचे चालत नाही. टर्मिनलवर साठलेली पांढरी-निळी बुरशी ऊन पाण्याने धुऊन तिथे व्हॅसलीन लावावे. उन्हाळ्यात पाणी दुप्पट वेगाने उडते, म्हणून एप्रिल-मे महिन्यांत पाहणी वाढवावी. हे सर्व ज्ञान लेखी नाही. ते एका मिस्त्रीकडून दुसऱ्याकडे जाते, आणि मला प्रामाणिकपणे वाटते की ज्याला आज आपण भारदस्त शब्दांत विद्युत्‌घटांचे व्यवस्थापन म्हणतो त्याचा निम्मा भाग या खोल्यांत फार पूर्वीपासून नांदत होता. परंतु घट *कसा सांभाळावा* हे जाणणे आणि घट *कसा करावा* हे जाणणे यांत जे अंतर आहे, ते ही खोली कधीच ओलांडू शकली नाही, आणि तिने ते ओलांडावे अशी कोणाची अपेक्षाही नव्हती.

येथे क्षणभर हैदराबाद सोडून समुद्रापार जावे लागेल, कारण वाहनकार आणि घटकार यांच्या भागीदारीचा पहिला मोठा मनसुबा अमेरिकेत रचला गेला आणि तिथेच फसला. हेन्री फोर्ड आणि टॉमस एडिसन हे स्नेही. एडिसनने लोखंड आणि निकेल यांचा घट काढला होता आणि तो स्वस्त विद्युत्‌मोटारीत बसवावा असा विचार १९१४ साली जाहीरही झाला. गाडी बाजारात आली नाही. घट जड होता, थंडीत मंदावे, आणि फोर्डच्या माणसांच्या कसोटीला तो उतरला नाही. याच सुमारास, म्हणजे १९१२ साली, चार्ल्स केटरिंग याने कॅडिलॅक गाडीत विजेने इंजिन सुरू करण्याची युक्ती बसविली आणि हातदांड्याचा त्रास संपविला. परिणाम विचित्र झाला: विद्युत्‌घटाला प्रत्येक मोटारीत कायमचे घर मिळाले, परंतु त्याच घटाने पेट्रोलची गाडी इतकी सुलभ केली की विजेच्या गाडीचा धंदा बुडाला. घट आपल्या प्रतिस्पर्ध्याच्या चाकरीस लागला, आणि ती चाकरी शंभर वर्षे चालली.

एडिसनचा एक प्रतिस्पर्धी स्वीडनचा वाल्डेमार युंगनर. निकेल-कॅडमियमचा घट त्याने १८९९ साली शोधला. निकेल आणि लोखंडाच्या घटावरही त्याचा दावा होता, आणि त्यावरून एडिसनशी पेटंटाचा जो झगडा झाला त्यात युंगनर आर्थिक दृष्ट्या जेरीस आला. तथापि त्याच्या उद्योगाची परंपरा तुटली नाही. पुढे ती ‘नाइफ’ या नावाने चालली. हे नाव ध्यानात ठेवावे, कारण पाऊणशे वर्षांनंतर ते हैदराबादेत अवतरणार आहे.

१९७७ साली ए. जे. प्रसाद यांनी हैदराबादेत ‘हैदराबाद बॅटरीज लिमिटेड’ ही कंपनी काढली, तेव्हा मोटारींच्या शिशाच्या घटांचा बाजार मोठ्या कंपन्यांनी व्यापलेला होता. चिंचवडला कलकत्त्याच्या क्लोराइड मंडळींचा कारखाना होता, मुंबईत स्टँडर्ड बॅटरीज होती. या गर्दीत शिरण्याऐवजी नव्या कंपनीने आपल्या देशात तंत्रज्ञानाच्या ज्या उणिवा आहेत त्या हुडकून स्वतःच्या प्रयत्नाने भरावयाच्या असे धोरण ठरविले, आणि आरंभ केला तो विमानांत लागणाऱ्या घटांपासून. गिऱ्हाईक थोडे, कसोट्या कठोर, नफा दूरचा, आणि चूक झाली तर क्षमा नाही, असा हा प्रांत होता. परंतु याच प्रांताने कंपनीला शिकविले. विमानामागून पाणतीर आणि पाणबुडी यांच्यासाठी लागणारे घट आले. चांदी-जस्ताच्या आणि निकेल-कॅडमियमच्या रसायनात हात बसला. मग १९८६ साली स्वीडिश घराण्याचे नाव धारण करणारी ‘साब नाइफ पॉवर सिस्टिम्स’ ही कंपनी नोंदली गेली. पुढे ‘एचबीएल नाइफ’ असे जोडनाव आले. आणि २००६ च्या सुमारास परकीय नाव गळून ‘एचबीएल पॉवर सिस्टिम्स’ एवढेच उरले. युंगनरच्या वंशाशी झालेला हा करार हैदराबादकराने रिकाम्या हाताने केला नव्हता. देणारा आला तेव्हा घेणाऱ्याकडेही काही होते, आणि माझ्या मते या एका गोष्टीने सगळा फरक पडला.

उलट उदाहरणही याच शहराचे, आणि त्याच दशकातले. १९८० नंतर भारत सरकारने हलक्या मालमोटारींसाठी जपानी कंपन्यांना दार उघडले, आणि चार भागीदाऱ्या एकदम जन्मास आल्या: डीसीएम-टोयोटा, स्वराज-माझदा, आयशर-मित्सुबिशी आणि आपल्या ऑल्विनची ऑल्विन-निसान. कारखाना उभा राहिला जहीराबादेस, जिथून बिदर हाकेच्या अंतरावर आणि मराठी, कन्नड, तेलुगू व उर्दू एकाच बाजारात ऐकू येतात. पत्रा ठोकण्यात, रंग देण्यात, बांधणीत ऑल्विनचा हात चाळीसएक वर्षांचा. परंतु इंजिनाचे आणि अंतर्भागाचे ज्ञान निसानचे होते आणि ते निसानचेच राहिले. येन महागला, सुटे भाग महागले, आणि दशक संपता संपता हा कारखाना महिंद्रांच्या हाती गेला. मूळ ऑल्विनही १९९० च्या दशकात मोडीत निघाली; शीतकपाटांचा धंदा व्होल्टासने घेतला. ज्यांनी या शहराच्या बसगाड्या घडविल्या त्यांच्या निर्वाह निधीचा हिशेब मग बरकतपुऱ्याच्या त्या कचेरीत येऊन पडला. तिथल्या बाकांवर बसलेल्या वृद्धांना उत्तम गाडी कशी बांधावी हे कोणी शिकवावयाची गरज नव्हती.

जहीराबादचा कारखाना मात्र जिवंत आहे, आणि त्याचे पुढचे चरित्र मनोरंजक आहे. महिंद्रांच्या विजेवर चालणाऱ्या तीनचाकी गाड्या आज तिथे होतात, आणि २०२३ च्या फेब्रुवारीत या कामाच्या विस्तारासाठी सुमारे १,००० कोटी रुपयांचा करार तेलंगण सरकारशी झाला. ज्या छपराखाली निसानच्या आराखड्याने मालमोटारी जोडल्या गेल्या त्याच छपराखाली आता विजेची रिक्षा जोडली जाते, आणि तिच्या किमतीतला एक फार मोठा वाटा घटांचा असतो.

आता घनरूप घटाकडे वळू. विद्युत्‌घटात दोन ध्रुव आणि त्यांच्यामध्ये विद्युत्‌भारित कणांना वाट देणारे माध्यम असते. आजच्या लिथियम-आयन घटांत हे माध्यम ज्वालाग्राही द्रवाचे असते, आणि धनऋण ध्रुवांच्या मध्ये केवळ एक पातळ प्लास्टिकचा पापुद्रा असतो. त्या द्रवाच्या जागी घन पदार्थ घातला तर आगीचे भय पुष्कळ कमी होते. शिवाय ऋणध्रुवासाठी ग्रॅफाइटऐवजी शुद्ध लिथियम वापरण्याची आशा धरता येते. ग्रॅफाइट दर ग्रॅमला ३७२ मिलिअँपिअर-तास धरते, तर लिथियम ३,८६०. दसपटीचे हे आमिष मोठे आहे आणि त्यामागे लागलेले लोक मूर्ख नाहीत. अडचण इतकीच की घन पदार्थ दुसऱ्या घन पदार्थाला द्रवासारखा चिकटत नाही. भरताना आणि उतरताना ध्रुव फुगतो व आकसतो, मध्ये भेगा पडतात, आणि लिथियमचे केसासारखे तंतू त्या भेगांतून पलीकडे पोहोचून घट आतल्या आत जोडून टाकतात.

घन पदार्थातून कण वाहतात हे मायकेल फॅरडेने १८३० च्या दशकातच पाहिले होते. त्यावर मोटार चालवावी हे फोर्ड कंपनीच्या प्रयोगशाळेने १९६७ साली मनावर घेतले, आणि बीटा-अ‍ॅल्युमिना नावाच्या चिनी मातीसारख्या पदार्थाच्या आश्रयाने सोडियम-गंधकाचा घट काढला. तो ३०० अंशांहून अधिक उष्णतेवर चाले. १९९० च्या दशकात फोर्डने या घटाच्या ‘इकोस्टार’ गाड्या रस्त्यावर आणल्या. १९९४ साली त्यांपैकी दोन पेटल्या, आणि तो अध्याय मिटला. आधुनिक अध्यायातील एक महत्त्वाचे पान भारतीयांच्या हातचे आहे, ही गोष्ट आपल्याकडे फारशी कोणी सांगत नाही: २००७ साली जर्मनीतील कील विद्यापीठात रामस्वामी मुरुगन, वेंकटरामन थंगदुरै आणि वेर्नर वेप्पनर यांनी लिथियम, लँथॅनम आणि झिर्कोनियमचे जे गार्नेट-जातीचे संयुग प्रसिद्ध केले, तेच आज अनेक घनघट-प्रयोगांचा पाया आहे. २०११ साली रयोजी कान्नो आणि टोयोटाचे सहकारी यांनी गंधकयुक्त घनमाध्यम द्रवाच्या तोडीचे वहन करते असे दाखवून दिले. त्यानंतर करारनाम्यांचा काळ सुरू झाला. फोक्सवॅगनने २०१२ पासून क्वांटमस्केप या अमेरिकी कंपनीशी सहकार्य केले आणि पुढे तिच्यात पैसाही घातला. टोयोटाने ऑक्टोबर २०२३ मध्ये इदेमित्सु या खनिज तेलाच्या कंपनीशी हातमिळवणी करून २०२७-२८ ची मुदत जाहीर केली. मौज अशी की २०२४ च्या जुलैत फोक्सवॅगनच्या ‘पॉवरको’ने क्वांटमस्केपशी जो करार केला तो परवान्याचा आहे. एवढा मोठा वाहनकार, बारा वर्षे सहकार्य करून आणि भांडवल घालूनही, शेवटी घट करण्याची सनद मागावयास उभा राहिला.

हैदराबादेत याचीच लहान आवृत्ती पाहावयास मिळते. विजेच्या तारांसाठी लागणाऱ्या रोधकांचा धंदा करणारी गोल्डस्टोन ही स्थानिक कंपनी, चीनच्या बीवायडी कंपनीशी तंत्रज्ञानाचा करार करून बसगाड्या करू लागली आणि २०१८ साली ‘ओलेक्ट्रा’ झाली. २०१९ च्या आरंभी पुण्याच्या पीएमपीएमएलच्या रस्त्यांवर आणि मार्चमध्ये हैदराबादच्या विमानतळ-मार्गावर तिच्या गाड्या धावू लागल्या; हैदराबादेत त्या पहिल्या खेपेस ४० होत्या. गाडी इथे बांधली जाते आणि घटाचे तंत्र बीवायडीचे, म्हणजे ऑल्विनच्या काळची विभागणी नव्या वेषात पुन्हा हजर झाली. २०२३ साली बीवायडी आणि ओलेक्ट्राचा मालकसमूह यांनी मोटारींच्या मोठ्या कारखान्याचा प्रस्ताव पुढे केला, तो केंद्र सरकारने नाकारल्याचे वृत्त प्रसिद्ध झाले. शेजारी राष्ट्राशी सीमेवर तंटा झाला की कारखान्याच्या फाटकावर त्याची मोहोर उमटते, हे ऑल्विनच्या काळी कोणाला सुचले नसते.

काचिगुड्याहून महबूबनगरकडे जाणाऱ्या गाडीने तीनएक तासांत जिथे पोहोचता येते, त्या दिविटिपल्ली परिसरात अमरराजा कंपनी घटांचा मोठा कारखाना उभारीत आहे. २०२२ च्या डिसेंबरात तेलंगण सरकारशी ९,५०० कोटी रुपयांचा करार झाला. शिशाच्या घटांत या कंपनीने अमेरिकेच्या जॉन्सन कंट्रोल्सशी १९९७ पासून भागीदारी केली होती आणि ती संपल्यावरही धंदा डळमळला नाही, म्हणजे तिथे ज्ञान मुरले होते असे म्हणावयास हरकत नाही. लिथियमच्या घटासाठी मात्र तिने २०२४ च्या जूनमध्ये चिनी गोशनच्या युरोपीय शाखेकडून परवाना घेतला. पुण्याचा मार्ग निराळा आहे: आयसर संस्थेतील सतीशचंद्र ओगले यांच्या संशोधनाच्या आधारे केपीआयटी कंपनीने २०२३ च्या डिसेंबरात सोडियम-आयन घटाचे तंत्र जाहीर केले आणि ते इतरांस परवान्याने देऊ केले. मला हा मार्ग अधिक आशादायक वाटतो, जरी त्यातून निघालेला घट बसच्या आगारात उभा राहीपर्यंत बरेच पाणी वाहून जावे लागेल.

घनरूप घट हा शेवटी भट्टीत भाजलेल्या मृत्तिकेचा, चूर्णाचा व्यवहार आहे. त्याच्या यशापयशात रसायनशास्त्रज्ञाइतकाच कुंभार दडलेला आहे. चूर्ण किती बारीक, किती दाबावे, किती अंशांवर किती वेळ भाजावे, यावर सारे अवलंबून. हैदराबादजवळ बालापूर येथे चूर्ण-धातुविज्ञानाची राष्ट्रीय संस्था १९९७ पासून स्वायत्त रीतीने नेमके याच विद्येत काम करीत आली आहे, आणि लिथियमच्या घटांसाठी लागणारे पदार्थही तिने केले आहेत. बरकतपुऱ्यापासून ही जागा एका बसप्रवासाच्या अंतरावर आहे. विद्या आहे, कारखाने आहेत, वाहने आहेत, आणि पैसाही आहे, कारण केंद्र सरकारने २०२१ च्या मे महिन्यात प्रगत घटांसाठी १८,१०० कोटी रुपयांची प्रोत्साहन-योजना मंजूर केली. त्या योजनेची मुख्य अट अशी की घटाच्या मूल्यापैकी दोन वर्षांत २५ टक्के आणि पाच वर्षांत ६० टक्के भाग देशात निर्माण झाला पाहिजे. मूल्याचा हा हिशेब कोणताही दप्तरदार मांडू शकेल. ऑल्विनच्या गाड्यांचा तसा हिशेब मांडला असता, तर पत्रा, लाकूड, मजुरी आणि रंग मिळून त्याही परीक्षेत उत्तीर्ण झाल्या असत्या.